सलाहुद्दीनच्या दरबारातली दासी: झोहरा सहगल यांची लंडनमधली वर्षं

२७ मार्च १९६५, शनिवार. बीबीसीवर संध्याकाळी ‘डॉक्टर हू’ या मालिकेतली एक नवी कथा सुरू झाली. तिचं नाव ‘द क्रुसेड’. चार शनिवार चाललेली ही कथा बाराव्या शतकाच्या अखेरीच्या फिलिस्तीनमध्ये घडते. एका बाजूला इंग्लंडचा राजा रिचर्ड आणि दुसऱ्या बाजूला सुलतान सलाहुद्दीन अय्युबी. सुलतानाच्या परिवारात शेयरा नावाची एक दासी आहे. भूमिका अगदी छोटी, डोळ्याचं पातं लवेपर्यंत संपावी अशी. ती करणाऱ्या बाईंचं वय तेव्हा बावन्न होतं आणि त्यांच्या पाठीशी तीस वर्षांचा रंगमंच होता. त्यांचं नाव झोहरा सहगल.

आपल्यापैकी बहुतेकांना झोहराबाई आठवतात त्या ‘दिल से’, ‘वीर-झारा’, ‘चीनी कम’मधली खट्याळ आजी म्हणून. त्यांच्या आयुष्यातला लंडनचा पहिला काळ त्यामानाने कमी बोलला जातो, कारण त्यात यश थोडं आहे. बक्षिसं नाहीत, मोठी पोस्टरं नाहीत. आहेत त्या किरकोळ भूमिका आणि बरीचशी वाट पाहणं. मला मात्र हाच काळ महत्त्वाचा वाटतो. एखादा समाज दुसऱ्याला पडद्यावर किती जागा देतो, हे नायकाच्या भूमिकेपेक्षा अशा किरकोळ भूमिकांवरून नीट कळतं.

रामपूर, दमास्कस, ड्रेस्डेन

साहिबजादी झोहरा मुमताजुल्ला खान यांचा जन्म २७ एप्रिल १९१२चा, सहारनपूरचा. घराणं रामपूरच्या रोहिला पठाणांचं. घरात पडदा होता, पण मुलींच्या शिक्षणाला नकार नव्हता. लाहोरच्या क्वीन मेरीज कॉलेजात त्या शिकल्या. शिक्षण संपल्यावर एरवी निकाह ठरला असता. त्याऐवजी १९३०मध्ये ही मुलगी मामांच्या मोटारीतून युरोपला निघाली. लाहोरहून इराण, तिथून फिलिस्तीन, मग दमास्कस, पुढे इजिप्त आणि तिथून बोटीने युरोप.

या वाटेवरची दोन नावं लक्षात ठेवावीत. फिलिस्तीन ही ‘द क्रुसेड’ची भूमी आणि दमास्कसमध्ये सलाहुद्दीनची कबर. पस्तीस वर्षांनी लंडनच्या स्टुडिओत पुठ्ठ्याच्या कमानी आणि पडदे लावून जो मुलूख उभा केला गेला, तो त्या सेटवरच्या या दासीने अठराव्या वर्षी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला होता.

जर्मनीत ड्रेस्डेनला मेरी विग्मन यांच्या नृत्यशाळेत त्या तीन वर्षं आधुनिक नृत्य शिकल्या. तिथेच त्यांनी उदय शंकर यांचा कार्यक्रम पाहिला. १९३५मध्ये त्या त्यांच्या मंडळात दाखल झाल्या आणि जपान, इजिप्त, युरोप, अमेरिका असा दौरा केला. पुढे अल्मोड्याच्या उदय शंकर केंद्रात त्या शिक्षिका झाल्या. इंदूरचे तरुण चित्रकार आणि नर्तक कामेश्वर सहगल त्यांना तिथेच भेटले. १४ ऑगस्ट १९४२ला दोघांचं लग्न झालं. नेहरू लग्नाला यायचे होते, पण काही दिवसांपूर्वीच ‘चले जाव’ सुरू झालं आणि ते तुरुंगात गेले. मुलगी मुसलमान, मुलगा हिंदू आणि तिच्याहून आठ वर्षांनी लहान. त्या काळात हे लग्न किती घरांत चर्चेचा विषय झालं असेल, याची कल्पना आपण करू शकतो. लाहोरात दोघांनी नृत्यशाळा काढली, पण फाळणीपूर्वीचं वातावरण बिघडत गेलं आणि त्यांनी मुंबई गाठली.

मुंबईची चौदा वर्षं

१९४५मध्ये झोहराबाई पृथ्वीराज कपूर यांच्या पृथ्वी थिएटर्समध्ये दाखल झाल्या. त्यांची धाकटी बहीण उझरा तिथली प्रमुख अभिनेत्री होती. आज जुहूला उभं असलेलं पृथ्वी म्हणजे ते नव्हे. ती एक फिरती कंपनी होती. मुंबईत ऑपेरा हाऊसला प्रयोग आणि मग सामान आगगाडीत टाकून गावोगाव दौरा. ‘दीवार’, ‘पठाण’, ‘गद्दार’, ‘आहुति’ ही नाटकं फाळणी, हिंदू-मुस्लीम दोस्ती आणि विस्थापितांचे हाल यांच्यावर होती. प्रयोग संपल्यावर पृथ्वीराज स्वतः झोळी पसरून दारात उभे राहत आणि गरजूंसाठी पैसे गोळा करत.

नाटकाबरोबर सिनेमाही चालू होता. ‘इप्टा’च्या चळवळीतून आलेल्या ‘धरती के लाल’ आणि ‘नीचा नगर’ या १९४६च्या चित्रपटांत झोहराबाई होत्या. ‘नीचा नगर’ला कान महोत्सवात सर्वोच्च सन्मान मिळाला. गुरुदत्तच्या ‘बाजी’ची नृत्यं त्यांनी बसवली.

म्हणजे १९५९ साली पती गेले तेव्हा त्यांच्यामागे नाव होतं, अनुभव होता आणि पदरात दोन मुलं होती. काही काळ त्यांनी दिल्लीत एका नाट्यसंस्थेचं काम पाहिलं. १९६२मध्ये नाट्यशिक्षणाची शिष्यवृत्ती मिळाली आणि त्या लंडनला गेल्या. वय पन्नास. आपल्याकडे या वयात बायका सुनांच्या हाती किल्ल्या देतात. या बाईंनी परक्या मुलखात पहिल्या पायरीवर पाय ठेवला. अभिनयाचं काम सहज मिळत नव्हतं, तेव्हा लंडनच्या नाटकगृहात नटनट्यांना कपडे चढवणारी ड्रेसर म्हणूनही त्यांनी काम केलं. जिने स्वतः पृथ्वी थिएटर्सच्या रंगमंचावर चौदा वर्षं काढली, ती आता विंगेत उभी राहून दुसऱ्यांची बटणं लावत होती.

रंग लावून केलेला मुसलमान

काम का मिळत नव्हतं? हिंदुस्थानी, अरब, तुर्की पात्रं तेव्हाच्या ब्रिटिश टीव्हीवर नव्हती असं अजिबात नाही. साम्राज्य नुकतंच आवरलं होतं. किपलिंगच्या गोष्टी, वायव्य सरहद्दीची साहसं, अलिफ-लैलाचे दरबार यांना मागणी होती. पण ही पात्रं गोरे नट करत. चेहऱ्याला तपकिरी रंग, डोक्याला फेटा, जिभेवर ओढूनताणून आणलेला हेल, की झाला मुसलमान. खऱ्या हिंदुस्थानी किंवा पाकिस्तानी नटाला मागे उभं राहणारा नोकर, हमाल, दासी एवढं मिळे.

ही रीत किती रुजली होती, याचं एक उदाहरण आपल्या महाराष्ट्राशी जोडलेलं आहे. विख्यात विनोदी नट आणि लेखक स्पाइक मिलिगन यांचा जन्म १९१८चा, अहमदनगरचा, म्हणजे आजच्या अहिल्यानगरचा. वडील ब्रिटिश फौजेत होते आणि स्पाइकचं बालपण पुण्यात आणि रंगूनला गेलं. १९६९मध्ये त्यांनी ‘करी अँड चिप्स’ या मालिकेत तोंडाला रंग फासून अर्धा पाकिस्तानी, अर्धा आयरिश कामगार उभा केला. मालिका सहा भागांत बंद करावी लागली. तरी धडा घेतला गेला नाही. १९७४मध्ये सुरू झालेल्या ‘इट एन्ट हाफ हॉट मम’ या मालिकेत रंगी राम हा हिंदुस्थानी माणूस मायकल बेट्स या गोऱ्या नटाने रंग लावूनच केला. बेट्सही झाशीला जन्मलेले आणि हिंदुस्थानी बोलू शकणारे. दोघांनाही आपला मुलूख ठाऊक होता. प्रश्न अज्ञानाचा नव्हताच. आमचा चेहरा तुमच्या चेहऱ्यावर चढू शकतो, पण तुमची भूमिका आमच्याकडे येऊ शकत नाही, हा तो अलिखित नियम होता.

या काळात झोहराबाईंना १९६४मध्ये बीबीसीच्या किपलिंग मालिकेतल्या ‘द रेस्क्यू ऑफ प्लफल्स’ या भागात काम मिळालं. सिमल्यातल्या गोऱ्या साहेबांची गोष्ट, त्यात हिंदुस्थानी बाईला जागा ती किती असणार? पण टीव्हीचं दार किलकिलं झालं.

‘द क्रुसेड’मध्ये काय होतं

‘डॉक्टर हू’ आज परग्रहावरच्या राक्षसांसाठी प्रसिद्ध आहे. सुरुवातीला मात्र मुलांना थोडा इतिहास आणि थोडं विज्ञान कळावं, असाही तिचा एक हेतू होता. काळाच्या प्रवासाला निघालेल्या म्हाताऱ्या डॉक्टरबरोबर दोन शाळामास्तर असतात. बार्बरा इतिहास शिकवते आणि इयन विज्ञान. ‘द क्रुसेड’मध्ये बार्बरा पकडली जाऊन सलाहुद्दीनसमोर येते आणि गोष्टी सांगून दरबाराची करमणूक करण्याचं काम तिच्या वाट्याला येतं. शहरजादच्या कथेचा हा उघड धागा.

डेव्हिड व्हिटेकर यांनी लिहिलेल्या या कथेचं श्रेय दिलं पाहिजे. तिथला सलाहुद्दीन रानटी नाही. तो मोजकं बोलणारा, विचारी आणि दिलदार सुलतान आहे. रिचर्डने आपली बहीण जोआना सलाहुद्दीनच्या भावाला, अल-आदिलला देऊन युद्ध मिटवण्याचा घाट घातला होता, हा प्रसंगही कथेत येतो. तो कल्पित नाही. सलाहुद्दीनच्या पदरी असलेले बहाउद्दीन इब्न शद्दाद यांनी या वाटाघाटी लिहून ठेवल्या आहेत. शनिवारी संध्याकाळी इंग्रज मुलांना हे ऐकायला मिळत होतं, ही लहान गोष्ट नव्हे. अर्थात, त्याच कथेत एल अकीर नावाचा एक क्रूर अमीर आणि त्याचा जनानखानाही आहे. जुन्या सवयी पूर्ण सुटल्या नव्हत्या.

आता नटांची यादी पाहू. सलाहुद्दीन: बर्नार्ड के. अल-आदिल: रॉजर एव्हन. एल अकीर: वॉल्टर रँडल. तिघेही गोरे. बर्नार्ड के यांचं काम चांगलं आहे, त्यांच्या सुलतानात आब आहे. पण ज्या बाईच्या घरात उर्दू-फारसीची तहजीब पिढ्यान्‌पिढ्या होती, जिला अदब, आदाब आणि दरबारी उठबस शिकवावी लागली नसती, ती या यादीत दासी म्हणून येते. झोहराबाई स्वतः धर्मकर्मात रमणाऱ्या नव्हत्या, ते त्यांनी लपवलंही नाही. म्हणून हा मुद्दा श्रद्धेचा नाही. मुस्लीम सुलतानाबद्दल सहानुभूती बाळगणाऱ्या त्या कथेलाही मुस्लीम घरातला माणूस पुढच्या रांगेत बसवता आला नाही, हा मुद्दा आहे. आपल्याविषयी चांगलं बोललं जाणं वेगळं आणि आपल्याला बोलू दिलं जाणं वेगळं.

कॅमेऱ्याच्या मागे

चित्र एवढंच असतं तर लेख इथे संपला असता. पण त्याच वर्षात बदलाची चिन्हंही दिसतात. ‘डॉक्टर हू’ची अगदी पहिली कथा नोव्हेंबर १९६३मध्ये आली. तिचे दिग्दर्शक होते वारिस हुसेन, वय पंचविशीचं, जन्म लखनौचा. त्यांच्या आई अतिया हुसेन या इंग्रजीत लिहिणाऱ्या नामवंत लेखिका आणि बीबीसीच्या निवेदिका. मालिकेची निर्माती व्हेरिटी लॅम्बर्ट ही तरुण ज्यू बाई. तेव्हाच्या पुरुषी आणि गोऱ्या बीबीसीत ही जोडी उठून दिसणारी होती. तरीसुद्धा वारिस यांनी १९६४मध्ये ‘मार्को पोलो’ दिग्दर्शित केली, तेव्हा त्यात कुबलाई खान गोऱ्या नटानेच केला. दिग्दर्शक आपला असला म्हणून रीत एका दिवसात मोडत नाही.

पण ती वाकली. नोव्हेंबर १९६५मध्ये वारिस यांनी बीबीसीसाठी ‘अ पॅसेज टू इंडिया’ केलं आणि डॉ. अझीझची प्रमुख भूमिका झिया मोहिउद्दीन यांनी केली. लंडनच्या रंगभूमीवर त्यांनी ती आधीच गाजवली होती. त्याआधी महिनाभर, ऑक्टोबर १९६५मध्ये, बीबीसीने हिंदुस्थान-पाकिस्तानातून आलेल्या लोकांसाठी ‘अपना ही घर समझिये’ हा कार्यक्रम सुरू केला. त्याची भाषा हिंदी की उर्दू, असा वाद न घालता दोन्हीकडच्यांना कळेल अशी साधी हिंदुस्तानी ठेवली गेली. आणि हे सगळं त्याच सुमाराला, जेव्हा सप्टेंबर १९६५मध्ये दोन्ही देशांत युद्ध झालं होतं. मी वर्गात उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवते, त्यामुळे या गोष्टीचं मोल मला जास्त वाटतं. सरहद्दीवर तोफा चालल्या होत्या आणि बर्मिंगहॅमच्या कामगाराला रविवारी सकाळी टीव्हीवर दोघांची मिळून एक भाषा ऐकू येत होती.

पुसलेल्या फिती

शेयराची भूमिका आज पाहावी म्हटलं तर एक अडचण आहे. ‘द क्रुसेड’च्या चार भागांपैकी दोनच शिल्लक आहेत. त्या काळी व्हिडिओटेप महाग होती. प्रक्षेपण झालं की टेप पुसून तिच्यावर दुसरा कार्यक्रम घेतला जाई. परदेशी विकण्यासाठी काढलेल्या फिल्मच्या प्रतीही पुढे नष्ट झाल्या. सत्तरचं दशक संपत येईपर्यंत हे चालू राहिलं. ‘द क्रुसेड’चा पहिला भाग १९९९मध्ये न्यूझीलंडमध्ये एका संग्राहकाकडे सापडला. उरलेल्या दोन भागांचा फक्त आवाज आहे, तोही घरी टीव्हीसमोर टेपरेकॉर्डर लावून बसलेल्या चाहत्यांमुळे.

मोठ्या नटाचं काम असं पुसलं गेलं तरी तो उरतो. त्याच्या मुलाखती असतात, चरित्रं असतात. छोट्या भूमिका करणाऱ्याचं मात्र कामच गेलं की तो नावापुरता उरतो, श्रेयनामावलीतल्या एका ओळीत. ब्रिटिश टीव्हीच्या त्या दशकात आपल्या उपखंडातली किती माणसं अशी एका ओळीत आली आणि किती तेवढ्यातही आली नाहीत!

वीस वर्षांनंतर

झोहराबाई टिकल्या. सत्तरच्या दशकात त्या काही काळ भारतात येऊन गेल्या. परत गेल्यावर १९७६-७७मध्ये बीबीसीच्या ‘पडोसी’ या मालिकेचे २६ भाग त्यांनी सादर केले. आणि १९८४च्या जानेवारीत ‘द ज्वेल इन द क्राउन’ सुरू झाली. पॉल स्कॉट यांच्या कादंबऱ्यांवरची, चौदा भागांची, राजवटीच्या शेवटच्या वर्षांची ही मालिका ब्रिटनमध्ये घरोघरी पाहिली गेली. त्यात लेडी लिली चॅटर्जी ही करारी, बुद्धिमान, गोऱ्यांच्या नजरेला नजर देणारी बाई झोहराबाईंनी साकारली. सईद जाफरी, झिया मोहिउद्दीन, आर्ट मलिक हेही तिथे होते, आणि कुणाच्या चेहऱ्यावर रंग चढवावा लागला नव्हता. मागोमाग ‘तंदूरी नाइट्स’ आली. दासीपासून लेडीपर्यंत यायला एकोणीस वर्षं लागली आणि त्या बहात्तराव्या वर्षात होत्या.

तरी हा विजय निर्भेळ म्हणता येत नाही. त्याच १९८४मध्ये डेव्हिड लीन यांच्या ‘अ पॅसेज टू इंडिया’ या चित्रपटात प्रोफेसर गोडबोले हे नावानेच मराठी असलेलं पात्र अ‍ॅलेक गिनेस यांनी रंग लावून केलं.

पुढचं आपल्याला माहीत आहे. झोहराबाई भारतात परतल्या, ऐंशीनंतर सिनेमात गाजल्या. १९९३मध्ये लाहोरात ‘एक थी नानी’ या नाटकात त्या बहीण उझरासोबत उभ्या राहिल्या. एक बहीण भारतात, दुसरी १९६४पासून पाकिस्तानात. २०१०मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळालं आणि १० जुलै २०१४ला, वयाच्या एकशे दुसऱ्या वर्षी, त्या गेल्या.

छोट्या भूमिकेचा हिशेब

झोहराबाईंची गोष्ट सांगताना आपण बहुधा शेवटाकडून सुरुवात करतो. पुरस्कार, शंभरी, मिश्कील उत्तरं. त्यामुळे सगळा प्रवास जणू ठरलेलाच होता असं वाटतं. १९६५च्या मार्चमध्ये असं काहीच ठरलेलं नव्हतं. बावन्न वर्षांच्या त्या विधवा बाईला ठाऊक होतं ते एवढंच, की एक काम मिळालं आहे, वेळेवर पोचायचं आहे आणि वाट्याचे संवाद चोख म्हणायचे आहेत.

शाळेच्या स्नेहसंमेलनात भूमिका वाटताना पहारेकरी आणि दासी व्हायला कुणी तयार नसतं. त्या मुलांना मी झोहराबाईंचं नाव सांगते. पण त्याचा अर्थ मिळेल त्यात समाधान मानावं, असा लावला तर तो अन्याय होईल. झोहराबाईंची चिकाटी थोर होती, म्हणून त्यांना दासीच्या रांगेत बसवणारी रीत बरोबर ठरत नाही. या दोन गोष्टी वेगवेगळ्या मोजायला हव्यात. कष्टाचं कौतुक करताना आपण अनेकदा अडसराला माफ करून टाकतो.

आणि हा हिशेब फक्त लंडनचा नाही. आपल्या मराठी मालिकांत मुसलमान पात्र येतं तेव्हा ते बहुधा तोडकंमोडकं हिंदी बोलतं आणि सणापुरता शीरखुर्मा घेऊन दारात उभं राहतं. कोकणातला मुसलमान घरात कोकणी-मराठी बोलतो, मराठवाड्यातला दखनी आणि मराठी एका दमात बोलतो, हे लिहिणाऱ्यांच्या कानी पडत नाही. ती भूमिका कोण लिहितं, कोण करतं आणि तिला किती वाक्यं मिळतात, हे आपण मोजत राहिलं पाहिजे. आपल्या भागातल्या नाटकमंडळ्यांत, कलापथकांत, आकाशवाणीवर ज्यांनी अशी छोटी कामं केली, त्यांची नावं, छायाचित्रं, जुन्या ध्वनिफिती आज घराघरांतल्या ट्रंकांत पडून आहेत. बीबीसीने आपल्या फिती पुसल्या. आपल्याकडे पुसायलाही कुणी लागत नाही, वाळवी पुरते. तुमच्या घरी असं काही असेल, तर या रविवारी ती ट्रंक उघडा आणि नावं लिहून काढा.